गोजरमायची पाणंद

मामलेदार घोड्यावर बसून गावोगाव फिरायचा, त्या जुन्या काळातली ही गोष्ट. वाकसवाडीपासून नदीपर्यंत एक पाणंद होती, शेतांच्या मधून जाणारी गावाची वाट. गावाची गुरं त्या वाटेनं पाण्यावर जायची, आणि ती गुरं राखायची गोजरमाय. तिला ना नवरा, ना मूलबाळ. गुरं हेच तिचं गणगोत.

पाणंदीच्या कडेला हैबती पाटलांचं शेत होतं. दरसाल त्यांचा नांगर पाणंदीत जरासा शिरायचा. पाटलाशी वाकडं कोण घेणार? एवढ्याशा जमिनीसाठी तंटा कशाला, असं म्हणता म्हणता पाणंदीची पायवाट झाली, आणि एका वर्षी तिच्यावर बाभळीच्या काट्यांचं कुंपण आलं. गाव मुकाट्यानं ओढ्याच्या लांबच्या वाटेनं जाऊ लागलं. उन्हाळ्यात त्या वाटेवर म्हातारी गुरं बसायची, ती उठायचीच नाहीत.

गोजरमाय कचेरीत गेली. अर्ज दिला, तारीख मिळाली. तारखेला गेली, तर साहेब दौऱ्यावर. मग हुकूम झाला, पाटलांनी वर अपील केलं, हुकूम थांबला. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. खरं आहे बाबा, पण ज्याची वाटच अडलीय त्यानं दुसरी कुठली पायरी चढायची? असं म्हणतात, की तिच्या खेपांनी कचेरीच्या दगडी पायऱ्या झिजल्या.

शेवटी मामलेदार म्हणाला, "बाई, वाट गावाची आहे हे मला पटतं. पण पाटील म्हणतात, तिथून आता कुणी जातच नाही. मी स्वतः पाहायला येतो. चालणारी माणसं दाखव, वाट मोकळी करून देतो."

गोजरमाय चावडीवर आली. "आरं, एकडाव माझ्यासंगं चाला," ती म्हणाली. "वाट आपली हाय, पर मामलेदार बघाय येतोय, त्येला आपलं पाय दिसाय पायजेत."

"माय, तू हो म्होरं," कुणीतरी पुटपुटलं, आणि माणसं आपापल्या घरी गेली.

तिला रडू आलं. फार थकली होती ती. तरी दुसऱ्या दिवसापासून ती एकटीच काट्यांतून नदीवर जाऊ लागली. मामलेदार यायच्या आदल्या दिवशी ती कुंपणापाशीच पडली, ती पुन्हा उठली नाही.

सकाळी नदीकाठच्या मसणात न्यायला गावानं तिरडी उचलली आणि सवयीनं ओढ्याची वाट धरली. असं म्हणतात, की तिरडी एकाएकी जड झाली. मूठभर हाडांची बाई, पण खांदेकऱ्यांचे गुडघे टेकले. खांदे बदलले, तरी तेच. मग कुणीतरी म्हणालं, "तिला पाणंदीनंच जायचंय." तिकडं तोंड फिरवलं, तशी तिरडी फुलासारखी हलकी झाली. असं म्हणतात, की कुंपणाचे काटे आपसूक गळून पडले. मला विचाराल तर गावानंच तुडवले असतील, पण तेही काही कमी नवल नव्हे.

समोरून मामलेदाराचा घोडा आला. सगळं गाव पाणंदीत पाहून तो खाली उतरला आणि बाजूला उभा राहिला. त्याच दिवशी हुकूम झाला. पाटलांना शेत मागं घ्यावं लागलं.

गावाला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. ती पडली तिथं लोकांनी दगड मांडून शेंदूर लावला. सकाळी पाहतात, तर दगड वाटेच्या कडेला. पुन्हा मांडला, पुन्हा कडेला. तेव्हा एक म्हातारी म्हणाली, "आज दगूड, उद्या चौथरा, परवा देऊळ. पाटलाला हटवून माय सोता वाट आडवंल व्हय?"

म्हणून गोजरमायची समाधी कुठंच नाही. पाटील गेले, पण नांगराची भूक गेली नाही. म्हणून दरसाल नांगरटीच्या आधी सगळं गाव त्या पाणंदीनं नदीपर्यंत चालत जातं. पाय दुखतात, लोक कुरकुरतात, तरी जातात. वाटेत दगड दिसला, की पुढचा माणूस वाकून तो कडेला ठेवतो. तिला तेवढाच नमस्कार चालतो.