काळा शिक्का आणि येसू रंगारीण

एक होता राजा, आणि त्याच्यापाशी होता एक काळ्या दगडाचा शिक्का. मुठीत मावेल एवढाच, पण फार भयंकर, बरं का. ज्याच्या उंबऱ्यावर तो उमटायचा, त्याचा धंदा जागच्या जागी बंद पडायचा. चूल पेटायची नाही, चाक फिरायचं नाही. आणि त्या माणसाचं म्हणणं न ऐकता उमटवला, तर त्याची वाचाच जायची. म्हणून जुना नेम होता, आधी पुरतं ऐकायचं, मगच शिक्का.

मग काय झालं, राजाकडे एक नवा कारभारी आला. त्याला सदा घाई. कुणी तरी सांगितलं, तेल्याचा घाणा फार करकरतो. कारभारी गेला आणि ठप्प! घाणा थांबला, तेली मुका झाला. मग कुणी सांगितलं, कुंभाराच्या भट्टीचा धूर होतो. ठप्प! भट्टी विझली, कुंभार मुका झाला.

आणि मग एका सकाळी नदी लालभडक झाली. मासे उलटे होऊन वर आले. लोक म्हणाले, "हे येसू रंगारणीचंच काम." येसू नदीकाठी लुगडी रंगवायची. घरात ती आणि तिची आंधळी सासू, दोघीच.

कारभारी दारात आला. येसूनं हात जोडले. "दादा, जरा ऐकून तरी..."

ठप्प!

पुढचा शब्द घशातच राहिला. आतून सासूनं विचारलं, "येसू, कोण आलंय गं?" येसूनं तोंड उघडलं. आवाजच नाही. "येसू? अगं, कुठं गेलीस?" म्हातारी घाबरली, भिंत चाचपडत दाराशी आली. तेव्हा येसूनं तिचा हात धरून आपल्या ओल्या गालावर ठेवला.

इतक्यात शिक्का कारभाऱ्याच्या हातून निसटला. तीनदा न ऐकता उमटला ना, त्याला चटक लागली. आता तो आपला आपणच निघाला. ठप्प... ठप्प... लोहाराचा भाता बंद, विणकराचा माग बंद. कारभारी पळाला. लोकांनी दारं लावून घेतली, लेकरं पोटाशी धरली. गल्लीच्या गल्ली मुकी झाली.

राजाला कळलं. त्याला जुना नेम आठवला. मग तो अनवाणीच येसूच्या घरी धावला. "बाई, मी तुझं ऐकायला आलोय."

सासू म्हणाली, "महाराज, ती हातानं सांगेल. पण पुरतं ऐका हं. मधेच उठू नका."

राजा जमिनीवर बसला. शिक्का त्याच्याच मागावर होता. येसूनं रंगाचे हंडे दाखवले. कोरडे ठणठणीत, कोळ्यांनी जाळी विणलेली. ठप्प, अंगणात. मग तिनं पांढरं फडकं नदीच्या लाल पाण्यात बुडवलं आणि विहिरीच्या पाण्यात खळबळलं. फडकं पुन्हा पांढरं! रंग असता तर असा निघाला असता का? ठप्प, पायरीवर. राजाला तो जवळ आलेला ऐकू आला. पण उठला नाही हो. मग येसूनं नदीचं पाणी भरलेल्या घागरीच्या तळाशी बसलेली लाल माती त्याच्या हातावर ठेवली आणि डोंगराकडे बोट केलं.

"दरड कोसळलीय," राजा म्हणाला. "मातीनं नदी लाल झालीय. बाई, तुझा काही दोष नाही."

शिक्का राजाच्या पाठीला टेकला होता. गार, जड. पण राजानं पुरतं ऐकलं होतं, म्हणून तो तिथंच घरंगळून पडला. आणि येसू ओरडली, "सासूबाई, अहो, मी इथंच आहे!"

मग राजा दारोदार गेला. प्रत्येकासमोर बसला, प्रत्येकाचं ऐकलं, आणि एकेकाची वाचा परत आली. कुंभाराच्या धुरानं शेजारची लेकरं खरंच खोकत होती. त्याला सांगितलं, भट्टी माळावर ने. त्यानं नेली. ऐकून घेतलं म्हणजे सोडून दिलं असं नव्हे, बरं का.

कारभाऱ्यालाही धरून आणलं. राजानं त्याचंही सगळं ऐकून घेतलं, आणि मगच त्याला घरी बसवलं.

गावात पुन्हा चाकं फिरली, चुली पेटल्या, सगळे सुखानं राहिले. चला, गोधडी वर ओढा आणि मिटा बघू डोळे.