उभं राहिलेलं पांघरूण

डोंगरांना अजून नावंसुद्धा पडली नव्हती, तेव्हाची ही गोष्ट. एका उंच पठारावर मेंढपाळांचं गाव होतं. थंडी तोंडावर आली की कळप खिंड ओलांडून खालच्या कुरणांत उतरायचे आणि गवत फुटलं की परत यायचे. म्हाताऱ्या मेंढ्या सांभाळायला काही बायका मागे राहायच्या.

त्या गावचा एक रिवाज होता. आठ वर्षांच्या पोराने कळपाबरोबर पहिल्यांदा खाली जायचं, ते आईने विणलेलं पांघरूण घेऊनच. सुया नाहीत, माग नाही. अंगठ्याएवढी जाड लोकर घ्यायची आणि दोन्ही हातांवर टाके चढवत विणत जायचं. पांघरूण पुरं झालं नाही, तर पोर त्या वर्षी मागे राहायचं.

एका आईची मुलगी आठ वर्षांची झाली. मुलीने स्वतः एक कोकरू वाढवलं होतं. त्याच्याबरोबर कुरणात जायची तिला कोण घाई! आईला मात्र घास गिळवेना. खाली कोल्हे असतात, ओढे असतात. झोपेत हिच्या अंगावरचं पांघरूण सरकलं तर कोण घालणार? बाप आधीच कुरण राखायला गेला होता, पण त्याची झोप म्हणजे दगडाची.

तिने विणायला घेतलं आणि एकेक टाका असा आवळला, की वारा सोडाच, मुंगीही आत शिरू नये. आवळता आवळता लोकर संपली. पांघरूण पोचलं मुलीच्या कमरेपर्यंत.

कळप नेणारी आत्या बघायला आली. तिने ते खांबाशी टेकवलं, तर ते ताठ उभं राहिलं.

"वहिनी, पांघरूण विणलंस की भिंत बांधलीस? दोन पाय लाव, चालत जाईल कुरणात!"

"हसा, वन्सं. थंडी माझ्या पोरीला वाजणार आहे, तुम्हाला नाही."

मुलीने ते अंगावर घेऊन पाहिलं. "आई, हे अंगाला बसतच नाही गं. कडेनं गार लागतं." मग म्हणाली, "मी जाऊ नये असं वाटतंय का तुला?"

"वेडी की काय!" आई म्हणाली. पण लोकर संपली, आता आपण तरी काय करणार, असं मनात येऊन तिला बरं वाटलं होतं. बरं वाटल्याबद्दल तिने स्वतःला चार शब्द सुनावले. तरी बरं वाटायचं थांबेना.

शेवटी मन खाऊ लागलं, तेव्हा ती कात्री घेऊन लंगड्या मेंढीकडे गेली. ही मेंढी त्या कोकराची आई.

"कात्री ठेव," मेंढी म्हणाली. "लोकर तुला कमी पडलेली नाही. माझ्या अंगात हात घालून बघ."

आत मऊ, मोकळी ऊब होती.

"मी अंग फुलवते, म्हणून थंडी बाहेर राहते. पावसाने लोकर चिकटून घट्ट झाली, की मीही कुडकुडते."

"पण सैल टाक्यातून वारा शिरला तर?"

"शिरेल थोडा. तोच आत राहून गरम होतो." मेंढीने लंगडा पाय पुढे केला. "माझंही कोकरू परवा चाललंय. माझ्या पायाला खिंड चढवत नाही. मग काय करू, त्याचा पाय चावून ठेवू?"

आईने घरी येऊन सगळं विणकाम उसवलं आणि पुन्हा टाके घातले. दर टाक्याला बोटं आवळायला बघत, दर टाक्याला ती त्यांना दटावी. तेवढ्याच लोकरीत पांघरूण दुप्पट झालं.

निघायच्या सकाळी एकच टाका तिच्या मनगटावर उरला होता. बाहेर कळप खोळंबला होता. मुलगी दारात उभी होती. नुसती मनगटाकडे बघत होती. हा टाका राहिला, तर पोर आणखी एक वर्ष आपली!

आईने मनगटावरून टाका उतरवला आणि लोकरीचं टोक त्यातून ओढून घेतलं.

पांघरूण गुंडाळून मुलगी निघाली. खिंडीपर्यंत एकदाही वळली नाही. "वळली असती तर काय मान मोडली असती?" आई पुटपुटली आणि अंधारात खिंड दिसेनाशी होईपर्यंत डोळे पुसत राहिली.

त्या वर्षी ओढे गोठवणारी थंडी पडली. आई रोज वाटेवर जाऊन उभी राही. एक दिवस खालून एक वाटसरू आला. "कोकरू सोबत घेऊन फिरणारी एक पोर आहे कळपात," तो सांगू लागला, "पांघरुणात आणखी दोन कुडकुडणाऱ्या पोरींना घेऊन झोपते."

"तिला पुरतं ते?"

"पुरून उरतं, बाई."

"आणि आईची आठवण... काढते का हो?"

"काढते की. झोप लागेपर्यंत."

मुलांनो, आणि मुलांच्या आयांनो, मायेचा टाका सैल घालावा. आवळलेल्या मायेत ऊब राहत नाही.