झुंबर मेकअप करतो

माणदेशातल्या एका वाडीत झुंबर नावाचा एक भोळा गडी होता. सांगितलं तेवढंच करायचा, पण अगदी मनापासून. काकाच्या पिठाच्या गिरणीला कंटाळून तो शहरात आला आणि तात्या मेकअपवाल्यांच्या हाताखाली लागला. तात्या नियम सांगत, पण चूक झाल्यावर. थोरांची ही खोड जुनीच आहे.

पहिल्या दिवशी मालिकेची नायिका जिन्यावरून पडणार होती. तात्यांनी तिच्या कपाळावर झकास जखम रंगवली. "हिच्याकडे बघ जरा," म्हणाले आणि चहाला गेले.

झुंबरने बघितलं. जखम धुतली, हळद लावली, पट्टी बांधली.

"अरे गाढवा, इथली जखम बरी करायची नसते. काल होती तशीच आज दिसली पाहिजे."

"बरं तात्या. आता चुकायचो नाही."

दुसऱ्या दिवशी दिग्दर्शक खुर्चीत डुलक्या घेत होते. काल दाढी करताना त्यांचा गाल कापला होता. आज तो भरून आला होता. झुंबर घाबरला. त्याने घाईघाईने गालावर काप रंगवला, रक्तासकट. एवढ्यात दिग्दर्शकांची बायको डबा घेऊन आली. तिने रक्त पाहिलं आणि नवऱ्याला दंडाला धरून इंजेक्शन द्यायला नेलं. शूटिंग बंद.

"सीन काय, शेवटी काय होणार, हे आधी विचारायचं. मग तसा चेहरा करायचा. आता चुकलास तर परत गिरणीत."

"बरं तात्या. आता चुकायचो नाही."

मग सौंदर्यस्पर्धेचं काम आलं. तात्या परीक्षकांना पावडर लावायला गेले. बारा मुली झुंबरच्या वाट्याला आल्या. त्याने ब्रश उचलण्याआधी आयोजकांना गाठलं.

"आबासाहेब, शेवटी काय होणार?"

"होणार काय? आमची पुतणी जिंकणार, बाकीच्या रडणार. पण कुणाला बोलू नकोस."

"नाही बोलणार."

झुंबर कामाला लागला. मुलींनी आरशात पाहिलं आणि त्या चपापल्या.

"दादा, हे काय?"

"आबासाहेबांना विचारूनच करतोय."

मुलींनी निमूट चेहरे पुढे केले. मोठ्यांना उलट विचारू नये, हे त्यांना घरोघरी नीट शिकवलेलं होतं.

पडदा वर गेला. परीक्षकांनी अजून एकही गुण दिला नव्हता. रंगमंचावर अकरा मुली उभ्या होत्या. काजळ गालांवर ओघळलेलं, नाकं लाल, डोळे सुजलेले. मधोमध पुतणी, डोळ्यांत आनंदाश्रू आणि डोक्यावर पिनांनी पक्का बसवलेला मुकुट.

लोक पोट धरून हसायला लागले. आबासाहेब धावत आत आले.

"कुणाला सांगितलंस रे?"

"कुणालाच नाही, आबासाहेब," झुंबर म्हणाला. "मी नुसता मेकअप केला."