मोहरांवरचा नवरा

जुन्या बारवेला पाणी होतं तेव्हाची ही गोष्ट. बारवेच्या कपारीत मोहरांच्या हंड्यावर एक नाग बसायचा. चिचुंद्री मावशीनं तानी उंदरणीचं लग्न त्याच्याशी ठरवलं.

"मावशी, तुम्ही आधी दिलेल्या दोघी माहेरी आल्याच नाहीत," तानी म्हणाली.

"श्रीमंताघरच्या सुना कशाला येतील गं?" असं म्हणून मावशीनं तिला कपारीत ढकललं आणि दलालीसाठी बाहेर थांबली.

आत हंड्यावर फणा डुलत होता. तानीनं वर बघितलं. फण्याला डोळे होते, पण डोळ्यांत कुणीच नव्हतं.

"घाबरू नका," फण्यातून बारीक आवाज आला. "नाग कात टाकून गेला. मी उंदीरच आहे, थंडीचा हिच्यात शिरलोय."

"आणि मोहरा?"

"एक चावून बघितली. दात दुखला."

तानीला हसू फुटलं. इतकं खरं बोलणारं स्थळ मावशीनं जन्मात आणलं नसतं. ती सरळ कातीत शिरली.

"माझी दलाली?" मावशी ओरडली.

फणा सरसरत कपारीच्या तोंडाशी आला आणि दोन आवाजांत म्हणाला, "या ना मावशी, आत येऊन घ्या."

पोरींना आत ढकलणारी मावशी जी पळाली, ती अजून भिंतीच्या कडेकडेनं चिरकत धावते आहे.