ठकूबाईची पट्टी

भेंडाळची खिंड उतरलं की रस्ता एकाएकी दुभंगतो. मधे नाचणीची चिंचोळी पट्टी, बैलगाडी आडवी लावली तर जेमतेम मावेल एवढी रुंद आणि साठ-सत्तर पावलं लांब. डावीकडून जावं की उजवीकडून, हे नव्या माणसाला समजत नाही. बरेच जण गाडी थांबवून पारावर बसलेल्या गणूआबा कोकितकरांना विचारतात. आबा दोन्ही हातांनी दोन्ही वाटा दाखवतात आणि कुणाला सवड असेल तर ही हकिकत सांगतात.

पूर्वी इथं एकच गाडीवाट होती म्हणे. अंमल संस्थानचा. वाट रुंद करायचा हुकूम निघाला आणि मोजणीला अंतोबा नावाचा मोजणीदार लोखंडी साखळी घेऊन आला. वाटेला लागून ठकूबाईचं शेत होतं. नवरा वारून चार वर्षं झालेली, मूलबाळ नाही. शेत लांबट नि अरुंद, एका अंगाला ओढा, दुसऱ्या अंगाला वाट. वाटेनं आणखी सात हात खाल्ले तर उरलेल्यात औत वळवायलाही जागा राहणार नव्हती.

एका सकाळी ती खुरपणीला आली तर उभ्या नाचणीत खुंट्या ठोकलेल्या.

"ह्या कुणी ठोकल्या?" तिनं विचारलं.

"सरकारनं," अंतोबा म्हणाला.

"मला कुणी सांगितलं न्हाई."

अंतोबा चक्रावला. "बाई, सरकारची वाट सरकार रुंद करतंय. त्यात तुम्हाला काय सांगायचं?"

ठकूबाई तशीच पाटलांकडे गेली. पाटील म्हणाले, जमीन तुझीच, पण वाटेला लागेल तेवढी सरकारची. कुलकर्ण्यांनी दप्तर काढलं. त्यात नाव नवऱ्याचं होतं आणि नवरा तर आता नव्हता. तेव्हा जमीन नक्की कुणाची म्हणावी, हे त्यांनाही सांगता येईना. देवळातला गुरव म्हणाला, जमीन देवाची, आपण राखणदार. एक गोष्ट विचारायला गेलेली बाई तीन उत्तरं घेऊन परतली. इतकी वर्षं आपण कुणाचं तण काढत होतो, हेच तिला कळेनासं झालं.

दुसऱ्या दिवशी ती शेताच्या बांधावर जाऊन बसली. अन्न सोडलं. लोकांना वाटलं, रागानं बसली आहे. पाटील समजूत घालायला आले तेव्हा ती म्हणाली, "रागावले न्हाई, पाटील. मला उमगंना झालंय. उमगंपातुर उठायची न्हाई."

आणि त्या दिवसापासून साखळी जुळेना, असं सांगतात. सकाळी मोजलं तर बांधापासून खुंटीपर्यंत सात हात. दुपारी तेच नऊ. उन्हं कलली की पाचही भरेनात. कुणी म्हणतात, ऊन लागून लोखंड कमीजास्त झालं असेल. पण चार हातांनी कमीजास्त होणारं लोखंड आजवर कुणी पाहिलेलं नाही. अंतोबानं साखळीची कडी न् कडी तपासली, माणसं बदलली, स्वतः टोक धरलं. अठरा वर्षं त्यानं मोजणी केली होती. तिसऱ्या दुपारी त्यानं साखळी खाली टाकली आणि ठकूबाईपासून थोडं अंतर राखून बांधावर बसला.

"बाई," तो म्हणाला, "मलाही काही कळेनासं झालंय. तुम्हीच सांगा. कुठवर घेऊ?"

हे तिला कुणीच विचारलं नव्हतं. विचारलं असतं तर आपण 'न्हाई' म्हटलं असतं, असं ती तीन दिवस धरून चालली होती. आता तोंडातून 'न्हाई' निघेना. चार वर्षांपूर्वी याच अरुंद वाटेवर समोरून दुसरी गाडी आली होती आणि मागं घेता घेता तिच्या आजारी नवऱ्याला नेणारी गाडी चिखलात रुतली होती. वैद्याचं गाव खिंडीपलीकडे. तो गाडीतच गेला. वाट रुंद व्हावी असं तिच्याइतकं गावात कुणाला वाटत नसेल. पण शेत गेलं तर ती खाणार काय? म्हणून तिला 'हो'ही म्हणवेना.

ती उठली आणि चालू लागली. अंतोबा मागोमाग खुंट्या ठोकत गेला. ती वाटेपासून आत वळली, सात हात ओलांडून पार शेताच्या मध्यापर्यंत गेली, तशीच लांबवर चालून पुन्हा वाटेला येऊन मिळाली. ओढ्याकडचा तुकडा तिचा राहिला, औताचा नाही तरी कुदळीनं कसण्याजोगा. तिची पावलं उमटली ती नवी वाट झाली. पण जुनी वाट आणि नवी वाट यांच्यामध्ये एक पट्टी तशीच सुटली.

"ही का ठेवली?" अंतोबानं विचारलं.

"ठावं न्हाई. पाय तिकडनं गेलं."

"मग ही तुमची?"

"मी तर सोडली."

"सरकारची?"

"सरकारनं कुटं घेतली?"

अंतोबानं तीनदा मोजलं. तिन्ही वेळा साखळी एकच बोलली. कागदावर त्यानं पट्टी काढली आणि मालकाच्या जागी बराच वेळ लेखणी धरून शेवटी जागा कोरी सोडली.

ठकूबाई पुढं अकरा वर्षं जगली. दर पेरणीला ती पट्टीच्या कडेला उभी राहायची, मोठ्यानं विचारायची, "पेरू का?" आणि थांबायची. मग पेरायची. जाणारा-येणारा लागेल तेवढी कणसं न्यायचा. तिच्यामागं गाव तसंच विचारून पेरतं.

आजही भेंडाळात कुणी विचारल्याशिवाय जमिनीत कुदळ घालत नाही. स्वतःच्या शेतात विहीर काढणाराही आधी बांधावर उभा राहून विचारतो. मागच्या वर्षी चौपदरी रस्त्याच्या मोजणीला एक इंजिनिअर बाई आल्या. आबांनी त्यांना ही हकिकत सांगितली. बाईंनी यंत्र खाली ठेवलं, पट्टीच्या कडेला गेल्या आणि जरा संकोचून म्हणाल्या, "घेऊ का?"

मग वळून त्यांनी विचारलं, "आबा, उत्तर आलं हे कसं कळतं?"

"ते ठकूबाईलाही कधी कळलं न्हाई, ताई," आबा म्हणाले. "ती थांबायची तेवढी."

बाई थांबल्या. दोन्ही वाटांनी गाड्या जात राहिल्या.