राजाची मिटलेली मूठ

एका राज्यात, डोंगरांच्या कुशीत वसलेल्या राज्यात, घरोघरचे दिवे मिणके लावत. मिणका म्हणजे वाटाण्याएवढा किडा, पोटात मधाच्या रंगाचा उजेड. दिवेलागणीला माणसं उंबऱ्यावर तळहात उघडा धरत, मिणका येऊन बसे, त्याला वातीपाशी नेलं की वात पेटे. मूठ मात्र कोणी मिटायची नाही, हा तिथला रिवाज. रांगती पोरंसुद्धा तो जाणत.

जाणत नव्हता तो एकटा राजा सुतेज. छे, चुकलंच! चांगला जाणत होता. म्हणून तर लाजेने जळत होता.

त्याच्या राज्याभिषेकाला गाभाऱ्यात दोघंच होती, तो आणि मिणके सांभाळणारी म्हातारी कोंडाई. तिसऱ्याने आत यायचं नाही, असा नियम. नव्या राजाने मिणका तळहातावर घेऊन शपथ घ्यायची आणि बाहेर येऊन तो प्रजेला दाखवायचा. शपथ अर्ध्यावर आली अन् मिणक्याने पंख उघडले. सुतेजच्या मनात आलं, उडाला तर? आपण नालायक ठरलो तर? बोटं मिटली. जोरात नव्हे हो, जराशीच. पण एवढ्याशा जिवाला तेवढं पुरलं.

बाहेर ढोल वाजत होते. राजा बाहेर आला आणि म्हणाला, "कोंडाईने रोगट मिणका आणला. तो मेला." कोंडाईने त्याच्याकडे नुसतं पाहिलं. लोकांनी तिला सीमेपलीकडच्या रानात हाकललं, आणि राज्यातले सारे मिणके तिच्यामागे निघून गेले.

तेव्हापासून वातीवर ज्योत धरेना. सूर्य मावळला की लोक भिंती चाचपत चालत, आया लेकरांना आवाजावरून ओळखत. उजेड उरला होता एकाच जागी, राजाच्या उजव्या तळहातावर. मेलेल्या मिणक्याचा तो डाग घासून निघेना, धुऊन जाईना. राजाने हाताला जाड पट्टी गुंडाळली आणि मूठ मिटली ती मिटलीच. "महाराजांच्या हाताला जखम झालीय, बिचारे!" असं प्रजा हळहळे. ते 'बिचारे' ऐकून त्याला मेल्याहून मेल्यासारखं होई.

एकदा रखमाजी कुंभार अंधारात पाय चुकून विहिरीत पडला. वर काढला तेव्हा पाय कायमचा गेला होता. राजा त्याला भेटायला गेला, तर रखमाजीच विचारतो, "महाराज, हाताला आता बरं आहे ना?" राजाला तिथे उभं राहवेना.

दुसऱ्या दिवशी बागेत एक भारद्वाज पक्षी येऊन बसला आणि माणसासारखा बोलला, "राजा, मिणके परत हवेत? रानात तीन दारं आहेत. तिन्ही ठोठाव. जे मिळेल ते घे."

राजा निघाला. पहिलं दार जलमांत्रिकाचं. त्याने बोट उचलताच आभाळातून झरा खाली उतरला. मांत्रिक म्हणाला, "ओंजळ धर." एक मूठ मिटलेली, ओंजळ कशी व्हावी? पाणी सगळं सांडलं. मांत्रिकाने दार लावून घेतलं.

दुसरं दार शापित धन राखणाऱ्या यक्षाचं. तो म्हणाला, "हातावर हात मारून वचन दे, धन तुझं." राजाने डावा हात पुढे केला. "डाव्या हाताचं वचन मी कुठे ठेवू?" यक्ष म्हणाला, आणि रत्नांचे कोळसे झाले.

तिसरं दार एका झोपडीचं. झाडाझाडावर मिणके लगडलेले, आणि दारात कोंडाई. राजाची मान खाली गेली.

"ये, बाळराजा. दमलास. आधी प्रसाद घे."

त्याने डावा हात पुढे केला. कोंडाईचा हात वरच थांबला.

"प्रसाद डाव्या हाताने घेतात होय रे?"

झालं! इतके दिवस धरून ठेवलेलं सगळं ढासळलं. राजाने पट्टी सोडली, मूठ उघडली, तळहात लख्ख उजळला. "मी मारलं त्याला, कोंडाई. आणि खापर तुझ्यावर फोडलं."

"मला ठाऊक आहे. गाभाऱ्यात आपण दोघंच होतो ना."

"मग बोलली का नाहीस?"

"तुझं बोलणं मी कसं बोलू?" म्हणत तिने ऊनऊन शिरा त्या डागावरच ठेवला. "खा. आणि आता हेच चार लोकांत सांग."

राजा कोंडाईला सोबत घेऊन परतला आणि त्याने भर चौकात सांगितलं. सगळं सांगितलं, हात उघडा धरून. कोणी शिवी दिली नाही, कोणी दगड उचलला नाही. रखमाजीने फक्त आपल्या पायाकडे पाहिलं. राजाला वाटलं, यापेक्षा दगड परवडला असता.

मग कोंडाईने त्या डागावर नवा मिणका ठेवला. "शपथ घे. या वेळी सगळ्यांसमोर."

शपथ अर्ध्यावर आली आणि मिणका भुर्रकन उडाला. राजाची बोटं मिटू लागली.

"मिटू नकोस," कोंडाई म्हणाली.

"तो गेला, कोंडाई. मी नालायकच."

"तुझ्या बापाचाही गेला होता. आजाचाही. प्रत्येकाचा अर्ध्यावर उडतोच. तो परत येईपर्यंत हात उघडा धरायचा, तीच खरी शपथ. आधी सांगायचं नसतं, एवढंच."

एवढंच! राजा लहान पोरासारखा रडला, सगळ्यांदेखत. पण हात त्याने हलवला नाही. सूर्य कलला, दंड भरून आला, सावल्या लांबल्या. आणि मग आला हो तो मिणका, अगदी सावकाश, आणि डागावर येऊन बसला. राजाने उरलेली शपथ पुरी केली. रानाकडून मिणक्यांचे थवेच्या थवे परतले. पहिला दिवा राजाने स्वतः नेऊन रखमाजीच्या घरी लावला. रखमाजीने त्याला बस म्हटलं नाही, पण दारही लावलं नाही.

अंधार फिटला, कोंडाई गाभाऱ्यात परतली, राज्य उजळलं. डाग मात्र गेला नाही, आणि राजाने त्यावर पुन्हा पट्टी बांधली नाही. नवी नवी पोरं विचारत, "महाराज, हातावर हे काय?" राजा दर वेळी पहिल्यापासून सांगे. सांगताना त्याचे कान लाल होत, पण हात उघडाच असे.