भरली कावड

"बैठकीवर नाव कुठे कोरू, वस्ताद? पुढे, की मागच्या अंगाला?"

कुशाबा जिनगर माती मळत होते. त्यांनी मान वर केली नाही.

हैबती कोरणी घेऊन उभा होता. नाव कोरू का, असं त्याने विचारलंच नव्हतं. कुठे, एवढंच विचारलं होतं.

गोष्ट पुण्यातली. इंग्रजी अंमलाला साठेक वर्षं झाली होती. कुशाबांच्या कारखान्यात वीतभर उंचीची मातीची माणसं होत. तेली, न्हावी, कासारीण, पिंजारी. साहेबलोकांना त्यांचं भारी कौतुक. रस्त्यात ज्यांच्याकडे कुणी वळून बघत नाही, ती माणसं ते कापसात गुंडाळून विलायतेला नेत.

त्या वर्षी विलायतेतल्या एका प्रदर्शनासाठी एका साहेबाने बारा धंद्यांची बारा माणसं मागवली होती. अकरा कुशाबांनी केली. बारावा कावडीवाला पाणक्या. तो हैबतीने केला. पेटी शनिवारी निघायची होती, आणि वस्तादांनी हो म्हटल्याशिवाय कारखान्यातून मूर्ती हलत नसे.

हैबती त्यांचाच चेला. पण मध्ये दोन वर्षं मुंबईच्या चित्रशाळेत राहून आला होता. तिथे प्लास्टरचे गोरे, उघडे देव समोर ठेवून तो अंगाची मापं शिकला. परत आल्यापासून त्याचं विमान जरा वरूनच चाललं होतं. खरं सांगायचं तर हातात कसब होतंच. पाणक्याच्या पोटरीवरची शीर न् शीर दिसत होती. साहेबाने स्वतः येऊन पाहिलं, आणि असं काम या शहरात पाहिलं नाही म्हणून गेला.

चित्रशाळेत जो तो आपल्या कामावर नाव घालतो. कुशाबांच्या कारखान्यात आजवर कुणी घातलं नव्हतं. मनाई नव्हती, कुणी विचारलंच नव्हतं. हैबतीला मात्र ते हवं होतं. एवढी एक मूर्ती आपल्या नावानिशी समुद्रापार गेली, की आपण नुसते कारखान्यातले हात राहणार नाही, असं त्याला मनापासून वाटे.

कुशाबांनी हात पुसले. मूर्ती उचलली. सगळीकडून फिरवून पाहिली.

"कावड भरलेली आहे का रिकामी?"

हैबतीला हसू आलं. मातीच्या घागरी, बोराएवढ्या. त्यात भरलेलं काय आणि रिकामं काय?



तेवढ्यात बोळातून हाक आली. "येसाजी आलाऽऽ."

येसाजी कोळी हौदावरून पाणी आणून घालत असे. याच पाण्यात कारखान्याची माती भिजे. त्याने दोन्ही घागरी रांजणात ओतल्या, कपाळ पुसलं आणि जायला वळला. कुशाबांनी त्याला थांबवून मूर्ती दाखवली.

येसाजी खुलला. "ह्यो मीच की. दोन रोज हुबं केलं हुतं ह्या दादांनी मला."

मग त्याने जरा निरखून पाहिलं.

"घागरी वतून ठिव म्हनले. खरंच हाय. भरल्या कावडीनं हुबं कोन ऱ्हाईल?"

येसाजी निघून गेला.

हैबतीचे कान तापले. तो बोलत सुटला. समोरचा माणूस हलला की माप चुकतं, म्हणून तो स्थिरच लागतो. चित्रशाळेत सगळे असंच करतात. साहेबाने इतक्या जवळून पाहिलं, त्याला तर काही खटकलं नाही.

"साहेबाने खांद्यावरून पाणी आणलेलं नाही," कुशाबा म्हणाले. "तूही नाहीस."

त्यांनी मूर्ती परत त्याच्या हातात दिली. टाकून दे म्हणाले नाहीत, ठेव म्हणाले नाहीत. पुन्हा माती मळायला बसले.

हैबती बराच वेळ मूर्तीकडे बघत राहिला. कावडीचा बांबू सरळ होता. शिंक्यांच्या दोऱ्या सैल होत्या. त्याचा पाणक्या छाती काढून, एखाद्या देवासारखा उभा होता. कुठून निघालेला नाही, कुठे जायचा नाही.

त्याने ती कच्ची मूर्ती माती भिजवायच्या कुंडात सोडली आणि विरघळेपर्यंत तिथून हलला नाही. त्याला कुणी सांगितलं नव्हतं. तेवढा ताठा त्याच्यात होता, आणि मला तो आवडतो.

रविवार होता. हातात सहा दिवस.

दुसऱ्या दिवशी तो हौदावर गेला आणि कावड आपल्या खांद्यावर घेतली. दहा पावलांत त्याचं धोतर भिजलं. दारादारातल्या बायका पदर तोंडाला लावून हसल्या. एकीने विचारलं, पाणी घरात येणार आहे का बोळातच शिंपायचंय? येसाजी पाठीमागून सांगत होता. थांबायचं नाही, थांबलं की ओझं वाढतं. पायाकडे बघायचं नाही. बांबू खाली जातो तेव्हा आपणही थोडं खाली जायचं, वर येतो तेव्हा पाऊल टाकायचं.

संध्याकाळी हैबतीचा खांदा सोलून निघाला होता. त्यानंतर तो दोन दिवस नुसता येसाजीच्या मागून हिंडला. कागद-पेन्सिल घरी ठेवून.

एक गोष्ट त्याच्या ध्यानात आली. पाणी घेऊन येताना येसाजी दर दाराशी आपलं नाव पुकारी. मान ताठ, आवाज खणखणीत. परत जाताना त्याच बोळातून मुकाट जाई, शेजारून गेला तरी कळत नसे.

हैबतीने विचारलं.

"भरून आनलंय," येसाजी म्हणाला. "कुनी आनलं, ते सांगाया नगं? रिकाम्या कावडीचं काय सांगायचं?"

शनिवारी सकाळी मूर्ती तयार झाली. रंग सुकला होता, बैठकीची माती तेवढी ओली होती. मापाने पाहिलं तर ती चुकलेलीच म्हणायची. एक खांदा खाली, मान पुढे, गुडघे किंचित वाकलेले. बांबू दोन्ही टोकांना लवलेला. मोकळा हात पुढे वाऱ्यावर, आणि तोंड उघडं.

"येसाजी आलाऽऽ."

येसाजी आला, ओतून मोकळा झाला आणि फळीपाशी थबकला. मूर्तीकडे बघता बघता त्याने नकळत एक बोट त्या इवल्या घागरीखाली धरलं. जणू आता सांडणार होती.

"भरलीया," तो हळूच म्हणाला.

 इतका आनंद हैबतीला साहेबाच्या शाबासकीनेही झाला नव्हता.

पेटी न्यायला आलेला शिपाई दारात उभा होता. कुशाबांनी मूर्ती पाहिली. एकदाच. मग कोनाड्यातली कोरणी काढून हैबतीपुढे धरली.

हैबतीने हात मागे घेतला. वाकून त्यांच्या पायांना हात लावला.

"नको, वस्ताद. माती तुमची, पाणी येसाजीचं. माझं कसलं आलंय नाव?"



कुशाबांनी मूर्ती उचलली, कानाशी नेऊन हलकेच हलवली आणि पुन्हा फळीवर ठेवली.

"कुणी आणली, ते सांगायचं नाही? मग अजून रिकामीच आहे."